गेममधून लॉगआउट होऊन आठ महिने झाले, त्याचा अनुभव

सोलापुरात गड्ड्याच्या जत्रेचे, म्हणजे संक्रांतीचे, दिवस होते. रात्री पावणेबाराला आत्याचा फोन आला. अशा अवेळी फोन वाजला की आमच्या घरात आधी सगळ्यांचे चेहरे उतरतात, मग कोणीतरी फोन घेतं. मी घेतला. पलीकडून आत्या रडवेली होऊन विचारते, "अरे, कुठल्या दवाखान्यात आहेस?" मी जुळे सोलापुरात आमच्याच गच्चीवर टाकीचा कॉक बघत उभा होतो, दुसऱ्या दिवशी पाण्याची पाळी होती म्हणून. म्हटलं, मला काय झालंय? तर म्हणे, "फेसबुकवर तुझ्या नावानं आलंय की, याला एक जीव हवाय म्हणून!"

जीव म्हणजे गेममधला. रंगीत मणी जुळवायचा तो खेळ, पाच जीव संपले की मित्रांकडे मागायचे. गंमत अशी की मी तो खेळ दिवाळीतच सोडला होता. लॉगआउट केलं, ॲप उडवलं, बायकोला दाखवलंही. मग माझ्या नावानं जीव मागितला कोणी?

त्या रात्रीपासून जे शोधायला बसलो ते अजून पुरतं संपलेलं नाही. लॉगआउट होऊन आता आठ महिने झाले. मी अक्कलकोट रोडला एमआयडीसीत टॉवेलच्या कारखान्यात हिशेब लिहितो, कॉम्प्युटरमधला तज्ज्ञ वगैरे नाही. पण हिशेब लागेपर्यंत झोप येत नाही, हा धंद्याचा गुण म्हणा की खोड.

जीव मागणारा सापडला दुसऱ्याच दिवशी. माझा जुना फोन मी बहिणीच्या मुलाला दिला होता, अकरा वर्षांचा आहे. त्या फोनवर फेसबुक मी काढलं होतं, पण खेळ तसाच होता आणि खेळाच्या लेखी तो फोन म्हणजे मीच होतो. भाचा माझ्या नावानं लेव्हल चढत होता, माझ्या नावानं जीव मागत होता. विचारलं तर म्हणतो, "मामा, तुझी लेव्हल किती कमी होती, मी वाढवून दिली की."

ही गोष्ट कळायला मला वेळ लागला, म्हणून सांगतो. 'फेसबुकने लॉगिन करा' हे बटण दाबतो तेव्हा आपला पासवर्ड खेळाला मिळत नाही. फेसबुक त्याला एक टोकन देतं. आमच्या कारखान्याच्या गेटपाससारखं समजा. एकदा ऑफिसातून पास मिळाला की तो माणूस पास दाखवून आत-बाहेर करत राहतो; ऑफिसला कुलूप लावून साहेब घरी गेले म्हणून पास रद्द होत नाही. तुम्ही फेसबुकमधून लॉगआउट झालात म्हणजे साहेब घरी गेले, एवढंच. खेळातून लॉगआउट झालात तर तो एका फोनवरचा पास खिशात गेला. ऑफिसच्या रजिस्टरमध्ये नाव आहे तसंच. आणि ॲप उडवणं हे तर पासधारकाकडे पाठ फिरवून बसण्यासारखं.

ते रजिस्टर फेसबुकच्या सेटिंगमध्ये 'ॲप्स अँड वेबसाइट्स' या नावाखाली सापडतं. उघडलं आणि मोजलं. 61 नावं.

त्यातली बरीचशी 'एक्स्पायर्ड' होती. बराच काळ वापरलं नाही तर फेसबुक नवी माहिती देणं आपोआप थांबवतं, हे बरं आहे. पण आधी जे नेलं ते नेलंच. एकेका नावावर टिचकी मारली की त्याला काय काय दिलंय ते दिसतं: नाव, फोटो, ईमेल, जन्मतारीख, मित्रांची यादी. 'मागच्या जन्मी तुम्ही कोण होता' या चाचणीला मी माझी खरी जन्मतारीख देऊन बसलो होतो. (मागच्या जन्मी मी सरदार निघालो होतो. या जन्मी जीएसटी भरतो.)

अशा चाचण्यांना हसू नका. केंब्रिज ॲनालिटिका या राजकीय प्रचाराचं काम करणाऱ्या कंपनीकडे फेसबुकवरची लोकांची माहिती परस्पर गेल्याचं प्रकरण 2018 मध्ये उघडं पडलं, त्याच्या मुळाशी अशीच एक व्यक्तिमत्त्व चाचणी होती. फेसबुकनेच तेव्हा सांगितलं की भारतात ते ॲप फक्त 335 जणांनी घेतलं होतं, पण त्यांच्या मित्रयाद्यांतून आणखी 5,62,120 जणांची माहिती गेली असण्याची शक्यता होती. आमच्या गल्लीच्या गणपतीला शेवटच्या आरतीला 335 माणसं सहज जमतात. आणि साडेपाच लाख म्हणजे 2011 च्या जनगणनेतल्या अर्ध्या सोलापूर शहराहून जास्त. मित्रांची माहिती अशी सरसकट उचलायची मुभा फेसबुकने 2014 मध्ये बंद करायला घेतली आणि 2015 मध्ये पुरती बंद केली. म्हणजे प्रकरण गाजलं तेव्हा दार बंद होऊन तीन वर्षं झाली होती, माल आधीच बाहेर गेला होता.

61 नावं काढायला तीन संध्याकाळी लागल्या. 'रिमूव्ह' दाबल्यावर एक छोटी चौकट येते: या ॲपने तुमच्या टाइमलाइनवर टाकलेल्या पोस्टही काढू का? घाईत ती सुटते. माझी पहिल्या दहा-बारा नावांना सुटली. मग जुन्या पोस्ट हातानं शोधत बसलो आणि शेतीच्या खेळाच्या काळातली एक सापडली, 'मी नवीन गाय घेतली' अशी. खाली मंगळवेढ्याच्या चुलत्यांची कमेंट: "अभिनंदन. किती लिटर देते?" मी त्यांना उत्तरच दिलेलं नव्हतं. ती पोस्ट मात्र ठेवली.

इथपर्यंत बरेच जण येतात आणि थांबतात. मीही थांबलो होतो, जवळजवळ महिनाभर. नंतर त्याच पानावरचं बारीक अक्षर वाचलं: ॲपकडे आधी गेलेली माहिती त्यांच्याकडे राहू शकते. ती पुसायची तर खेळ बनवणाऱ्या कंपनीलाच सांगावं लागतं. काढलेल्या ॲपांच्या यादीत तुमचा त्या खेळातला युजर आयडी सापडतो, तो पत्रात द्यायचा. दुसरी वाट प्ले स्टोअरवरची. ज्या ॲपमध्ये खातं उघडता येतं त्याने खातं पुसायची सोयही द्यावी, ॲपमध्ये आणि वेबवरही, असा गूगलचा नियम आहे. खेळाच्या पानावर 'डेटा सेफ्टी' उघडलं की ती लिंक मिळते. ॲपलने ॲपमधूनच खातं पुसता यावं ही सक्ती जून 2022 अखेरपासून केली आहे.

मी नऊ कंपन्यांना लिहिलं. पाच जणांनी पुसल्याचं कळवलं, तिघांनी उत्तरच दिलं नाही. नवव्याने ओळख पटवायला आधार कार्डाचा फोटो मागितला. ज्याला माझा ईमेल पुसायला सांगतोय त्याला आधार देऊ? सोडून दिलं त्याला.

आता माझी चूक सांगतो, कारण आत्या हे वाचणार आहे. मी जोशात येऊन तिच्याही फोनवरची यादी साफ केली. तिचा खेळ फेसबुकला जोडलेला होता आणि तिची सगळी चढाई त्या जोडणीवर होती. दुसऱ्या दिवशी उघडला तर लेव्हल एक. चार वर्षं, हजाराच्या वर लेव्हल्स. "काय करूलालास तू? माझी मेहनत आहे ती!" पंधरा दिवस बोलली नाही. शेंगाचटणीचा डबा दरमहा यायचा, तोही आला नाही. शेवटी परत फेसबुकने लॉगिन केल्यावर सगळं जिथल्या तिथे आलं, कारण मी फक्त जोडणी काढली होती, खातं पुसायला सांगितलं नव्हतं. तेवढ्यावर वाचलो. ज्याला लेव्हल प्यारी आहे त्याने आधी खेळाच्या सेटिंगमध्ये जाऊन ती कशावर साठवलीय ते बघावं. 'गेस्ट' म्हणून खेळणाऱ्याची चढाई बहुधा त्या एका फोनवरच असते, फोन गेला की ती गेली.

आत्यासाठी मग दुसरा उपाय केला. तिच्या फोनवर गेम आणि ॲपच्या सूचना बंद केल्या. माझ्या फेसबुकच्या 'ब्लॉकिंग' सेटिंगमध्ये तिच्याकडून येणारी ॲपची आमंत्रणं अडवली. माणूस ब्लॉक होत नाही, फक्त आमंत्रणं येत नाहीत. तिला हे सांगितलेलं नव्हतं. आता कळेल.

या आठ महिन्यांत सगळ्यात उपयोगी पडली ती एक फुकटची युक्ती. जीमेलच्या पत्त्यात आपल्या नावापुढे अधिकचं चिन्ह टाकून काहीही शब्द लिहिला तरी मेल आपल्याकडेच येते. फेब्रुवारीत एक लुडोचा खेळ घेतला तेव्हा मी नावापुढे अधिक आणि 'लुडो' असा पत्ता दिला. तो पत्ता दुसऱ्या कुठेही दिला नव्हता. मे महिन्यात, बाहेर 43 अंश आणि आत कूलर घरघरतोय, अशा दुपारी त्याच पत्त्यावर सट्ट्याच्या ॲपची जाहिरात आली. पत्ता कुठून फुटला हे ओळखायला आता मला डोकं खाजवावं लागलं नाही. खेळ त्याच दिवशी गेला. काही ठिकाणी ते अधिकचं चिन्ह चालत नाही म्हणतात. तिथे मी खेळासाठी ठेवलेला वेगळा ईमेल देतो.

पासवर्ड एकच सगळीकडे वापरायची सवय मला होती, तीही मोडली. 'झिंगा' या नावाजलेल्या गेम कंपनीच्या 17 कोटींहून जास्त खात्यांची माहिती 2019 च्या सप्टेंबरात चोरीला गेली होती, त्यात ईमेल होते आणि पासवर्डही, उघडे नाहीत पण सांकेतिक रूपात. लुडोच्या खात्याला कुलूप कच्चं चालेल, पण तीच किल्ली मेलला आणि बँकेला लावली असेल तर मग लुडो राहत नाही. फेसबुकला आणि गूगलला दोन्हीकडे टू-फॅक्टर, म्हणजे पासवर्डनंतरची दुसरी पडताळणी, लावून टाकलं, दहा मिनिटांचं काम.

फेसबुकची 'तुम्ही कुठे लॉगिन आहात' ही यादी मात्र धीरानं बघा. मी बघितली तेव्हा एक फोन 'मुंबई'त लॉगिन दिसला. घाम फुटला. लगेच काढून टाकला, आणि माझ्याच हातातला फोन बाहेर फेकला गेला. मोबाइल कंपनीचं नेट बऱ्याचदा मुंबई-पुण्याचं ठिकाण दाखवतं, आम्ही बसलेले असतो आसरा चौकात. गावाच्या नावावर जाऊ नका, फोनचं मॉडेल आणि तारीख बघा. माझ्या यादीत खरा परका होता तो ऑफिसचा जुना कॉम्प्युटर. त्यावर मी तीन वर्षांपासून उघडाच होतो आणि त्यावर आता पॅकिंगची पोरं गाणी लावतात.

गूगलच्या खात्यातही 'थर्ड पार्टी' जोडण्यांची अशीच यादी असते, तिथे 14 निघाले. प्ले गेम्समध्ये आपोआप साइन-इन होण्याचं बटण आहे, ते बंद केलं.

भाच्याचं प्रकरण वेगळं मिटवावं लागलं. त्याने एकदा 449 रुपयांची नाणी घेतली होती, कारण त्या फोनवरचं गूगल खातंही माझंच होतं आणि प्ले स्टोअरला दर खरेदीला पडताळणी मागायचं मी सांगितलं नव्हतं. आता फोन कोरा करून दिलाय, खातं त्याचं वेगळं, बहिणीच्या देखरेखीखाली. 2023 च्या डिजिटल वैयक्तिक माहिती संरक्षण कायद्यात 18 वर्षांखालच्यांची माहिती घ्यायला आईवडिलांची पडताळता येईल अशी संमती लागते. संमती देणं जितकं सोपं तितकंच ती काढून घेणंही सोपं हवं, हेही त्यात आहे. नियम नोव्हेंबर 2025 मध्ये आले, पण कंपन्यांना बहुतेक तरतुदींसाठी 18 महिन्यांची मुदत आहे. तोवर एका टिचकीत आत आणि तीन संध्याकाळींत बाहेर, हेच चालणार.

फरक काय पडला? खेळांच्या सूचना शून्यावर आल्या, हे नक्की. सट्टा-रमीच्या मेल कमी झाल्या, थांबल्या नाहीत. जुना पत्ता ज्यांच्याकडे गेला त्यांच्याकडून तो परत आणता येत नाही. फेसबुकवर जाहिराती तेवढ्याच दिसतात, त्या आशेनं कोणी हे करू नये. रात्री जेवणानंतरचा तासभर मोकळा झाला, पहिले पंधरा दिवस त्याचं काय करायचं ते कळत नव्हतं.

यादीत आज तीन नावं आहेत. दोन कामाची. तिसरं कॅरमचं, ते मुद्दाम ठेवलंय. शाळेतला मित्र दुबईला असतो, रविवारी रात्री आमचा डाव असतो आणि तो तिथे फेसबुकवरूनच सापडतो. जोडताना परवानग्यांच्या पानावर ईमेलची खूण काढली, मित्रांच्या यादीचीही काढली. नाव आणि फोटो तेवढा द्यावाच लागतो. फोटो गड्ड्याच्या जत्रेतल्या नंदीध्वजांचा लावलाय.