६० अँपिअरचा प्लाझ्मा कटर, आठ महिन्यांनंतर

गॅस कटिंग बाजूला ठेवून आठ महिन्यांपूर्वी ६० अँपिअरचा इन्व्हर्टर प्लाझ्मा कटर घेतला. विजेच्या आर्कने तापलेल्या हवेच्या झोताने तो धातू वितळवून कापतो. काम बहुतेक ६ ते १२ एमएमच्या एमएस (साधं पोलाद) प्लेटचं, अधूनमधून एसएस (स्टेनलेस स्टील). गॅसने एसएस धड कापलं जात नाही, त्यामुळे निर्णयाला वेळ लागला नाही. सगळी घासाघीस मशीनच्या किमतीवर केली. हवेचं काय, तर कॉम्प्रेसर आहेच की! तिथेच चुकलो.

पहिल्या महिन्यात टॉर्चच्या टोकातले नोझल आणि इलेक्ट्रोड, म्हणजे झिजला की बदलायचा सेट, चण्याफुटाण्यासारखे संपले. विक्रेत्याचं उत्तर तयार होतं, ‘डुप्लिकेट माल लावला असेल.’ लावला नव्हता. एक इलेक्ट्रोड काढून उजेडात धरला. तांब्याच्या टोकात हाफनियम धातूचा जो बारीक ठिपका असतो, तिथे खोल खळगा पडला होता. नोझलचं भोक अंड्यासारखं लांबट झालेलं. मग आर्क न पेटवता टॉर्चमधून नुसती हवा सोडली आणि पुढे आरसा धरला. बघता बघता आरशावर दव! टाकीचं पाणी मी रोज सोडत होतो, पण कॉम्प्रेसर तापला की पाणी वाफ होऊन साध्या फिल्टरमधून बिनदिक्कत निघून जातं आणि पुढे पाइपात गार होतं. एअर ड्रायर बसवला, तेव्हापासून तोच सेट जवळपास तिप्पट चालतो. ड्रायरचे पैसे मशीनच्या किमतीतच धरा.

दुसरा धडा हिशेबाचा. मी दर मीटरवर लावत होतो. पण इलेक्ट्रोड झिजतो तो मुख्यतः आर्क पेटताना आणि विझताना. एक लांब कट स्वस्तात पडतो, चाळीस छोट्या भोकांची प्लेट सेट खाऊन टाकते. आता पिअर्सिंगचे, म्हणजे प्लेटमध्ये भोक पाडून कट सुरू करण्याचे, वेगळे लावतो. गिऱ्हाईक कुरकुरतं, पण देतं.

कापण्याची क्षमता? माहितीपत्रकावर ठळक छापलेला आकडा प्लेट कशीबशी तुटण्याचा असतो, चांगल्या कडेचा नव्हे. माझ्याकडे १२ पर्यंत कड छान येते. १६ ला मधून भोक पाडत नाही, कडेवरून सुरुवात करतो. २० एमएम म्हणजे नुसतं तोडणं. ६० टक्के ड्युटी सायकल म्हणजे दहा मिनिटांत सहा मिनिटं कटिंग, तेही ४० अंश तापमान धरून. पत्र्याच्या शेडमध्ये दुपारी मशीन त्याआधीच ट्रिप होतं.

वेग ठिणग्यांवरून कळतो. प्लेटखाली त्या किंचित मागे झुकलेल्या हव्यात. हात सावकाश चालला तर खाली वितळलेल्या धातूचा जाड, फुगीर स्लॅग येतो, तो हातोडीच्या एका टोल्यात पडतो. घाई केली तर खाली बारीक, चिवट रेघ चिकटते आणि ती ग्राइंडरशिवाय निघत नाही. म्हणून चुकायचंच असेल तर सावकाशच्या बाजूला चुकावं.

कडेचा कल मात्र दोन महिने छळत होता. फ्लँजची (पाइप जोडायच्या गोल चकतीची) बाहेरची कड दरवेळी तिरकी. टॉर्चमध्ये हवा गरगर फिरत येते, त्यामुळे जायच्या दिशेच्या उजव्या हाताची कड सरळ येते आणि डावी तिरकी, हे कुणीच सांगितलं नव्हतं. आता जॉब उजवीकडे, भंगार डावीकडे. बाहेरचा गोल घड्याळाच्या काट्यांच्या दिशेने, आतलं भोक उलट.

प्लेटच्या जाडीपेक्षा लहान भोक प्लाझ्माने पाडायच्या फंदात पडत नाही, ड्रिलच बरं. कापलेली कड कडक होते, आटे पाडायचा टॅप मोडतो. शिवाय हवेतला नायट्रोजन कडेत मुरतो आणि वेल्डला बारीक छिद्रं पडतात, म्हणून वेल्डिंगआधी ग्राइंडरचा एक हात मारतोच.

आर्क पेटला की टॉर्च आपोआप फिरवणाऱ्या कटिंग टेबलचा कंट्रोलर हँग व्हायचा, ते टेबलला वेगळं अर्थिंग दिल्यावर थांबलं. धुराला एक्झॉस्ट हवाच, एसएस कापताना तर मास्कही.

फायबर लेसरमुळे पातळ पत्र्याचं काम प्लाझ्माकडून चाललंय, हे खरं आहे. ३ एमएमची ऑर्डर आली की मी स्वतःच बाहेर लेसरवर पाठवतो, त्या कडेशी माझ्या कडेची बरोबरी नाही. पण गंजकी, वाकडी १० एमएम प्लेट असेल किंवा साइटवर जाऊन जुनी बीम कापायची असेल, तर हेच मशीन गाडीत टाकतो. सोबत कॉम्प्रेसर आणि तो ड्रायरही.