कोडओनर्स फाइल, आठ महिने वापरून: एका ताऱ्याने केलेला घात

गेल्या मंगळवारी पेमेंटच्या फोल्डरमधला बदल मर्ज होऊन (मुख्य कोडमध्ये मिसळून) लाइव्ह गेला आणि मला पत्ताच नाही. कोडओनर्स फाइल म्हणजे कुठल्या फोल्डरचा मालक कोण, बदलाला मंजुरी कुणाची, याची यादी; तिच्यात आठ महिने त्या फोल्डरपुढे माझं नाव आहे! संध्याकाळी एकेका गिऱ्हाइकाला रिफंड दोनदा जायला लागला, तेव्हा कळलं. मर्ज करणाऱ्याचं काही चुकलं नव्हतं. कोडच्या मालकाची मंजुरी लागते, ती रीतसर घेतलेली होती. फक्त मालक भलताच.

पहिला संशय गिटहबवर, म्हणजे आमचा कोड जिथे राहतो आणि जिथे ही यादी राबवली जाते त्या साइटवर. अर्धा तास मनसोक्त शिव्या घातल्यावर आमचीच फाइल उघडली. अगदी तळाला कुणीतरी नवी ओळ टाकलेली: एक तारा (*), पुढे अख्खी टीम. हेतू चांगला, कुठलीच फाइल बेवारस राहू नये. पण ही फाइल मृत्युपत्रासारखी वाचतात, शेवटचं ते खरं. तारा सगळ्यालाच जुळतो, म्हणजे वरच्या सव्वीस ओळी रद्दीत. त्यात टीमच्या सेटिंगमध्ये आळीपाळीने एकेकाकडे काम जाण्याची सोय आम्हीच चालू केलेली. नंबर लागला दोन आठवड्यांपूर्वी आलेल्या पोराचा. त्याने बिचाऱ्याने स्पेलिंग तपासलं आणि मंजुरी दिली. आंधळं दळतं आणि कुत्रं पीठ खातं, दुसरं काय!

तीच ओळ सगळ्यात वर टाकली असती तर सगळं सुरळीत. एक अक्षर बदलायचं नव्हतं, नुसती जागा. हे नियमात स्पष्ट लिहिलंय, मान्य. तरी माझा राग जात नाही, कारण माणूस यादी वरून खाली वाचतो आणि ‘बाकीचे सगळे’ शेवटी लिहितो. रेशनच्या यादीपासून लग्नाच्या आमंत्रणापर्यंत सगळीकडे हेच. गिटहबवर ही सोय 2017 साली आली, कल्पना क्रोमियमच्या (क्रोम ब्राउझरमागचा खुला प्रकल्प) ओनर्स फाइलींवरून. तिथे फोल्डरागणिक वेगळी फाइल असते, त्यामुळे एका ओळीने अख्खं गाव बुडत नाही. नेमकं तेवढंच उचलायचं राहिलं.

पैशाचंही सांगतो. खाजगी रिपॉझिटरीत (कोडच्या कोठारात) हे फुकट मिळत नाही. माणशी महिना 4 डॉलर, आम्ही सात जण, म्हणजे 28. साहेब म्हणाले, “त्यापेक्षा व्हॉट्सॲपवर विचारा की एकमेकांना.” ऑफिसच्या चहाचं बिल पुढे ठेवलं तेव्हा पटलं. म्हणून प्रत्येक डॉलर वसूल करायचा माझा हट्ट.

पहिले दोन महिने मी या फाइलच्या विरोधातच होतो. फोल्डर ऐसपैस लिहिल्यामुळे कुणी रीडमीत (कोडसोबतच्या माहितीच्या फाइलीत) स्वल्पविराम टाकला तरी माझ्याकडे मंजुरीची विनंती. नंतर ओळी बारीक केल्या, अर्धवट काम ड्राफ्ट म्हणून टाकायची सवय लावली (ड्राफ्ट असेपर्यंत मालकांना बोलावणं जात नाही), आणि मत बदललं. चौथ्या महिन्यात तर खूशच झालो. एका हुशाराने मला टाळायला त्याच बदलात फाइलमधून माझं नाव उडवलं. तरीही विनंती माझ्याकडेच आली! कारण फाइल वाचली जाते ती ज्या ब्रँचमध्ये (कोडच्या ज्या प्रतीत) मर्ज करायचंय तिथली. त्या दिवशी 28 डॉलर वसूल.

एक गोष्ट मात्र अजून खुपते. रिफंडच्या कोडवर मी आणि सुरक्षेवाली मॅडम, दोघांची सही हवी होती. एका ओळीत दोन नावं लिहिली तर कुणा एकाची मंजुरी पुरते. दोन ओळी केल्या तर खालचीच चालते. गिटहबच्या स्पर्धक गिटलॅबमध्ये फाइलीचे विभाग पाडून हे जमतं, पण त्यांच्या प्रीमियम योजनेचा दर बघितला आणि मुकाट्याने टॅब बंद केला. सध्या मॅडमना मी हाक मारून बोलावतो. म्हणजे साहेबांचं व्हॉट्सॲपच.

आता ताऱ्याची ओळ सगळ्यात वर आहे. सगळ्यात खाली कोडओनर्स फाइलचीच ओळ, पुढे माझं नाव, आणि त्याखाली कॉमेंट: ‘याच्या खाली काही लिहू नये.’ काल त्या कॉमेंटच्या खाली एक ओळ घालायची विनंती आलीय. मंजुरीसाठी माझ्याकडेच. आज दिवसभर उघडली नाही.