चालू कंत्राटदारांनो, दरांचा तक्ता आणि ‘येणे नाही’चं पत्र देण्याआधी हे वाचा

सहा वर्षं एका सरकारी कार्यालयाची सुरक्षा आमच्या एजन्सीकडे होती. १२ पोस्ट, म्हणजे पहाऱ्याच्या जागा, चोवीस तास. मुदत संपली तेव्हा नवी निविदा तयार नव्हती. “निविदा निघेपर्यंत सांभाळून घ्या, तुम्ही घरचेच आहात,” असं साहेब म्हणाले आणि आम्ही सांभाळून घेतलं. एकामागून एक तीन मुदतवाढी, एकूण ११ महिने, जुन्याच दराने. मधल्या काळात किमान वेतन वाढलं. गार्डना वाढीव पगार आम्ही लगेच सुरू केला, बिलं मात्र जुन्या दराने पास होत राहिली. फरकाचं विचारलं की उत्तर ठरलेलं, “शेवटी एकरकमी काढू.” मी एक पत्रही टाकलं नाही. संबंध बिघडतील अशी भीती होती.

मग नव्या निविदेच्या अंदाजपत्रकासाठी म्हणून आमचा पोस्टनिहाय तक्ता मागवला गेला. पगार, रिलीव्हर (सुट्टीवरच्या गार्डच्या जागी येणारा बदली गार्ड), गणवेश, देखरेख, आमचा नफा, सगळं त्यात होतं. मी एक्सेलची फाइल जशीच्या तशी पाठवली. ‘गोपनीय’ हा शब्दही वर लिहिला नाही.

निविदा निघाली. दर उघडले तेव्हा सर्वांत कमी दरवाल्याचा तक्ता पडद्यावर आला. बाबींचा क्रम आमचाच. ‘फेरी-पर्यवेक्षण’ ही बाब तर आम्ही आमच्या सोयीसाठी पाडलेल्या नावासकट तिथे होती. फक्त रिलीव्हरची ओळ गायब होती.

ही ओळ का महत्त्वाची, ते सांगतो. एका पोस्टला आठवड्याचे १६८ तास भरावे लागतात. एक माणूस ४८ तास काम करतो, म्हणजे पोस्टमागे साडेतीन माणसं. १२ पोस्टना ४२, आणि रजा-आजारपण धरलं तर त्याहून जास्त. त्या कमी दरवाल्याचा दर पोस्टमागे तीन माणसांचा, म्हणजे ३६ जणांचा होता. प्रत्येकाने आठवड्याला ५६ तास, साप्ताहिक सुट्टीच नाही. अशा अवास्तव कमी दराचा खुलासा मागून तो नाकारायची तरतूद संयुक्त राष्ट्रांच्या सार्वजनिक खरेदीच्या २०११ च्या नमुना कायद्यातही आहे. इथे खुलासा कुणी मागितला नाही. जुन्या कंत्राटदाराला झुकतं माप द्या असं मी म्हणत नाही. पोस्ट, माणसं, तास ही माहिती सर्व बोलीदारांना सारखी द्या, कुणा एकाचा खर्चाचा हिशेब दुसऱ्याच्या हाती जाऊ देऊ नका आणि सगळ्यांना एकच गणित लावा, एवढंच.

निकाल कळल्यापासून करारावर सही होईपर्यंतचे थोडे दिवस तक्रारीसाठी असतात. त्या दिवसांत मला सांगितलं गेलं, “वर बोलणं चालू आहे, लेखी काही देऊ नका, उलट होईल.” मी थांबलो. करार झाला. मग दिलेल्या तक्रारीवर शेरा आला, ‘मुदतीनंतर प्राप्त’.

शेवटचा फटका ताबा देताना बसला. सुरक्षा ठेव परत हवी तर एका छापील पत्रावर सही करा, म्हणाले. गार्डचा शेवटचा पगार तोंडावर होता, ठेवीचे पैसे लागणार होते. मी सही केली. पत्रात मधेच एक ओळ होती, ‘या कंत्राटापोटी आमचे कोणतेही येणे शिल्लक नाही.’ ११ महिन्यांचा फरक त्या ओळीत गेला. ‘वेतन-फरकाचा दावा कायम ठेवून’ एवढे शब्द सहीच्या वर हाताने लिहिले असते, तर निदान भांडायला जागा राहिली असती.

तुमची मुदतवाढ चालू असेल तर वेतनवाढीच्या दिवशीच फरकाचं पत्र द्या आणि पोच घ्या. तक्ता मागितला तर मागणी लेखी घ्या, माणसं आणि तास द्या, नफ्याचा रकाना देऊ नका. रिलीव्हरबद्दलचा प्रश्न निविदापूर्व बैठकीत लेखी विचारा, म्हणजे त्याचं उत्तर सर्वांना बंधनकारक राहतं.

आमच्या ४२ गार्डपैकी ३६ जणांना नव्या एजन्सीने ठेवून घेतलं. सहा जण घरी बसले, त्यातल्या चौघांना मी दुसरीकडे लावू शकलो. फरकाची मागणी मी अजून करतो आहे. प्रत्येक उत्तरासोबत माझ्याच सहीच्या त्या पत्राची प्रत जोडून येते.