कॅसेटची रीळ आणि कोल्हापूरची हवा: आठ महिन्यांच्या वापरानंतरचा अनुभव

आवाज धरून ठेवणारं खनिज आपल्याकडे घरोघरी माळ्यावर पडून आहे. कॅसेटच्या रिळेवरचा तपकिरी थर म्हणजे लोखंडाच्या ऑक्साइडची बारीक पूड. निसर्गात याच घडणीचं खनिज सापडतं, त्याचं नाव मॅघेमाइट. जून ते जानेवारी, म्हणजे अख्खा पावसाळा धरून, भजनाच्या आणि घरगुती रेकॉर्डिंगच्या कॅसेट संगणकावर उतरवल्यावर एक गोष्ट पक्की झाली: पूड सहसा आवाज सोडत नाही. दगा देतात रबर, स्पंज आणि प्लॅस्टिकची डबी. त्यामुळे कॅसेट वाजत नाही म्हणून भंगारात देऊ नका.

सामान साधं आहे: सेकंडहँड कॅसेट डेक, यूएसबी ऑडिओ इंटरफेस (डेकचा आवाज डिजिटल करून संगणकात नेणारी डबी), दोन्ही जोडायला आरसीए वायर आणि ऑडॅसिटी हे रेकॉर्डिंगचं सॉफ्टवेअर. थेट यूएसबीचे छोटे स्वस्त प्लेअरही मिळतात, पण वेग डगमगला की हार्मोनियमचा लांब सूर थरथरतो. वेग एक टक्का जरी चुकला तरी सुरात बसलेल्या कानाला खटकतं. महत्त्वाच्या रेकॉर्डिंगला ते वापरू नयेत.

जुना डेक घेतला की आधी रबरी पट्टा बदलायचा. तो वितळून डांबरासारखा झालेला असतो. पुलीवरचा चिकटा आयसोप्रोपिल अल्कोहोलने पूर्ण निघाला पाहिजे. नव्या पट्ट्याचं माप जुन्यावरून घेऊ नका, तो ताणलेला असतो. पुल्यांभोवती दोरा फिरवून मोजा आणि पाच टक्के कमी धरा. हेड (रिळेवरचा आवाज वाचणारा भाग) आणि कॅपस्टन (रीळ पुढे नेणारा धातूचा दांडा) यांच्यासाठीही हेच अल्कोहोल, ९९ टक्क्यांचं. कॅपस्टनवर रीळ दाबणाऱ्या रबरी चाकाला, म्हणजे पिंच रोलरला मात्र साबणाच्या पाण्याचा ओला फडका पुरतो. डेक कोल्हापुरातल्या उद्यमनगरसारख्या कारखान्यांच्या ठिकाणी, ग्राइंडरच्या जवळपास ठेवू नका. लोखंडाचा कीस हेडला चिकटतो आणि रिळेवर ओरखडे काढतो.

आता सगळ्यात जास्त फरक पाडणारी गोष्ट: हेडचा तिरपेपणा, म्हणजे ॲझिमथ. हेडशेजारी स्प्रिंग असलेला छोटा स्क्रू असतो. ज्या टेपरेकॉर्डरवर कॅसेट भरली, त्याचं हेड केसभर तिरकं असेल तर आपल्या डेकवर आवाज गोधडीखालून आल्यासारखा येतो. लोक समजतात रीळ खराब झाली, आणि इथेच चुकतात. आउटपुट मोनो करा, हेडफोन लावा आणि चुंबक नसलेल्या स्क्रू ड्रायव्हरने हळूहळू फिरवा, पाव फेऱ्याच्या आत. जोतिबाच्या यात्रेचं रेकॉर्डिंग असेल तर हलगी ऐका. बारीक काडीचा कडाका आधी नुसता 'थप' असा येतो. नेमक्या जागी आला की 'तड' असा सुटा होतो आणि मागच्या 'चांगभलं'मधला 'च' उघडतो. प्रत्येक कॅसेटला हे नव्याने करायचं. मूळ जागेवर आधी नेलपॉलिशचा ठिपका द्या, म्हणजे परत येता येतं.

लेव्हल, म्हणजे रेकॉर्डिंगच्या आवाजाची पातळी, हीही हलगीवरूनच ठरवा. सर्वांत मोठा ठोका उणे सहा डेसिबलच्या वर जाऊ नये (शून्य ही कमाल मर्यादा), कारण डिजिटलमध्ये एकदा फाटलेला आवाज शिवता येत नाही. रेकॉर्डिंगचं सेटिंग: २४ बिट, ४८ किलोहर्ट्झ, वेव्ह फाइल. स्टीरिओत एक तासाला साधारण एक जीबी लागतो. खरखर काढण्याचे प्रयोग नेहमी दुसऱ्या प्रतीवर करा, मूळ फाइलला हात लावू नका.

रीळ हेडवर दाबणारा स्पंज गळून पडला की आवाज येतो-जातो. पाच स्क्रूची चांगली डबी घेऊन रिळेची दोन्ही चाकं तिच्यात बसवा. उघडण्याआधी फोटो काढा, चाकांच्या वर-खालचे पातळ कागद जपा, तपकिरी बाजू हेडकडे ठेवा. स्क्रू नसलेल्या, चिकटवलेल्या डब्या पातळ पात्याने शिवणीवरून फोडाव्या लागतात. तुटलेल्या रिळेला सेलोटेप लावू नका, त्याचा गोंद पाझरून पुढचे वेढे चिकटतात. रीळ जोडण्यासाठीच असलेली स्प्लायसिंग टेप लावा, तीही मागच्या बाजूने. सी-९० ची (९० मिनिटांची) रीळ सी-६० पेक्षा (६० मिनिटांच्या) पातळ असते, तेव्हा हात आणखी हलका.

पावसाळ्यात बुरशी धरते. कॅसेटच्या खिडकीतून वेढ्यांच्या कडेला पांढरी पूड दिसली तर ती कॅसेट डेकमध्ये घालूच नका. हेडवरून बुरशी पुढच्या कॅसेटला लागते. मास्क लावून, मोकळ्या हवेत, कोरडी झाल्यावरच साफ करा. साठवणीला घट्ट झाकणाचा डबा, सिलिका जेल आणि आत आर्द्रतामापक. काटा ५० टक्क्यांच्या खाली हवा. २०१९ आणि २०२१ च्या महापुरात ज्यांच्या घरात पंचगंगेचं पाणी शिरलं, त्यांच्याकडे गाळ भरलेल्या कॅसेट असतील. गाळ रिळेवर वाळू देणं हे सर्वांत वाईट. पुन्हा तसं झालं तर ओली असतानाच डबी उघडून डिस्टिल्ड वॉटरने धुवायची आणि सावलीत वाळवायची. हेअर ड्रायर नको, ऊन नको.

गाणं सुरू व्हायच्या क्षणभर आधी त्याचीच पुसट चाहूल ऐकू येते, ती भुताटकी नाही. एका वेढ्याचं चुंबकत्व शेजारच्या वेढ्यावर उतरलेलं असतं. संगणकावर उतरवण्याआधी रीळ दोन-तीनदा पूर्ण पुढे-मागे पळवली की ते बरंच कमी होतं, आणि वेढे मोकळे झाल्याने रीळ अडकतही नाही.

डेकमध्ये घालण्याआधी कॅसेटच्या मागच्या कडेच्या दोन्ही टिकल्या मोडलेल्या आहेत ना, ते बघा. नसतील तर मोडा. चुकून रेकॉर्डचं बटण दाबलं गेलं तर ती पूड जुनं विसरून नवं धरते.