‘फेसेस ऑफ डेथ’ची ब्लू-रे: डॉ. ग्रॉस यांच्या आवाजासाठी मागवली

अठ्ठावीस वर्षं मी माहितीपटांचं निवेदन करतोय. ही डिस्क मी मायकेल कार यांच्या आवाजासाठी मागवली; यातल्या निवेदक डॉ. ग्रॉसची भूमिका करणारे नट तेच. चित्रपट 1978 चा, मृत्यूची खरी आणि बनावट दृश्यं माहितीपटासारखी दाखवणारा. त्याला 30 वर्षं झाली म्हणून गॉर्गन व्हिडिओ या कंपनीने 2008 मध्ये ही आवृत्ती काढली.

दहावीत होतो तेव्हा डोंबिवलीत शेजारच्या काकांनी भाड्याने व्हीसीआर आणला होता. धाकटी मुलं झोपल्यावर ही कॅसेट लागली. कॉपीची कॉपी, चित्र हिरवट. आवाज मात्र स्पष्ट होता. शस्त्रक्रियेच्या पोशाखातले एक गृहस्थ म्हणाले, मी डॉ. फ्रान्सिस ग्रॉस, पॅथॉलॉजिस्ट. मला ते खरंच वाटलं. माकडाचा मेंदू खाण्याच्या प्रसंगानंतर दोन दिवस घास उतरला नाही. तो मेंदू म्हणजे फ्लॉवर आणि नाटकातलं रक्त होतं, हे कळायला पुढे बरीच वर्षं गेली.

कार यांची कमाल कुठे आहे, ते आता कळतं. ते घाबरवायला जातच नाहीत. पट्टी खालची, वाक्याचा शेवट हळूच खाली सोडलेला, घाई कुठेच नाही. शिकाऊ निवेदक भयानक प्रसंगात आवाज चढवतो. कार उलट थंड होतात. कमी पैशांतल्या मृत्युदंडाच्या त्या खोट्या विजेच्या खुर्च्या आणि मगरी त्या एका आवाजावर उभ्या राहिल्या. दुसऱ्या (1981) आणि तिसऱ्या (1985) भागातही तेच आहेत. चौथ्यात (1990) त्यांच्या जागी वेगळाच डॉक्टर येतो आणि पोकळी लगेच जाणवते.

डिस्कवरच्या जादा भागात ॲलन अपोन आणि डग्लस व्हाइट या मेकअप कलावंतांशी बोलणं आहे. बनवेगिरी कशी केली ते दोघं मोकळेपणाने सांगतात. पैसे त्यातच वसूल झाले. चित्र मात्र जुन्या फिल्मचंच, फार आशा ठेवू नका.

एका गोष्टीने मला अजून त्रास होतो. 25 सप्टेंबर 1978 ला सॅन डिएगोत विमान पडलं, 144 माणसं गेली. त्या दुर्घटनेची दृश्यं यात आहेत आणि ती खरी आहेत. बनावट मृत्युदंड आणि खरी प्रेतं, दोन्हींवर तोच आवाज, तीच पट्टी. प्रेक्षकाला फरक कळूच नये अशी ती मांडणी आहे. निवेदक म्हणून मला ते मान्य नाही. कत्तलखान्यातली जनावरंही खरीच आहेत. घरात मुलं असतील तर डिस्क कपाटात कुलूप लावून ठेवा.

माझ्या निवेदनाच्या वर्गात मी पडदा बंद करून सुरुवातीची दहा मिनिटं नुसती ऐकवतो. मग विचारतो, हा माणूस डॉक्टर आहे का? मागच्या तुकडीत आठपैकी सात जण हो म्हणाले.