न्यू जर्सीचं मेडिकल मारिवाना कार्ड: एमएसच्या पेशंटचा वापरानंतरचा अनुभव

सगळ्यात आधी एक सांगते. तुम्ही अमेरिकन नागरिक नसाल, म्हणजे एच-वन-बीवर असाल, ग्रीन कार्डवर असाल किंवा नागरिकत्वाचा अर्ज चालू असेल, तर या कार्डासाठी, म्हणजे डॉक्टरांच्या शिफारशीवर गांजा औषध म्हणून घेऊ देणाऱ्या राज्याच्या कार्डासाठी, घाईने अर्ज करू नका. न्यू जर्सीने पेशंटसाठी गांजा २०१० मध्येच कायदेशीर केला, पण इमिग्रेशन फेडरल सरकारच्या हातात आहे आणि १९७०च्या फेडरल कायद्याने गांजा नियंत्रित पदार्थांच्या यादीत टाकलेला आहे. एप्रिल २०१९ मध्ये यूएससीआयएसने, म्हणजे इमिग्रेशनचे अर्ज बघणाऱ्या फेडरल खात्याने, स्पष्ट केलं की राज्यात परवानगी असली तरी गांजाचा वापर नागरिकत्व मिळण्याच्या आड येऊ शकतो. इथे न्यू जर्सीत एडिसन-पिस्कॅटवेकडे आपल्यातले कितीतरी जण अजून व्हिसावर आहेत. त्यांनी आधी इमिग्रेशनच्या वकिलाला गाठावं. मी नागरिक आहे, म्हणून मला ही धास्ती नव्हती.

मला मल्टिपल स्क्लेरोसिस (एमएस) हा मेंदू आणि मज्जारज्जूतल्या नसांचा आजार आहे. त्यातला मला सर्वांत छळणारा भाग म्हणजे पायांचं आखडणं. दिवसा कशीबशी चालते, पण रात्री आडवं झालं की पोटऱ्या दगडासारख्या होतात, मध्येच पाय आपोआप झटका देऊन वर येतो आणि झोप उडते. बॅक्लोफेन हे स्नायू सैल करणारं औषध बरीच वर्षं घेते. डोस वाढवला की पाय सैलावतात, पण इतके की सकाळी बाथरूमपर्यंत जायला भिंत धरावी लागते. म्हणजे ताठरपणा गेला तर ताकदही गेली. या कात्रीत सापडल्यावर मीच न्यूरॉलॉजिस्टकडे विषय काढला.

त्यांनी उडवून लावलं नाही, हे मला महत्त्वाचं वाटलं. २०१७ साली अमेरिकेच्या नॅशनल अकॅडमीजने गांजावरच्या अभ्यासांचा मोठा आढावा घेतला होता. एमएसच्या पेशंटना स्वतःला जाणवणारा ताठरपणा तोंडावाटे घेतलेल्या कॅनाबिनॉइडने (गांजातल्या रसायनांनी) कमी होतो, याला चांगला पुरावा आहे असं त्यात म्हटलंय. ब्रिटनमध्ये याच त्रासासाठी टीएचसी (गांजातलं नशा आणणारं रसायन) आणि सीबीडी (नशा न आणणारं) साधारण सारख्या प्रमाणात असलेला तोंडात मारायचा स्प्रे २०१० पासून मिळतो. अमेरिकेत त्याला एफडीएची, म्हणजे औषधांना परवानगी देणाऱ्या सरकारी खात्याची, मान्यता नाही, म्हणून इथे कार्ड आणि डिस्पेन्सरी (गांजा विकणारं परवानाधारक दुकान) हाच रस्ता.

अडचण अशी की माझे न्यूरॉलॉजिस्ट राज्याच्या कॅनाबिस प्रोग्रॅममध्ये नोंदलेले नाहीत, आणि नोंदणी नसलेल्या डॉक्टरला शिफारस करता येत नाही. मग नोंदणी असलेल्या दुसऱ्या डॉक्टरांकडे जावं लागलं. या कामासाठी व्हिडिओवर पाच मिनिटं बोलून पैसे घेणारे बरेच आहेत. मी मुद्दाम जुने एमआरआय रिपोर्ट आणि औषधांची पूर्ण यादी बघणारे डॉक्टर शोधले, आणि तुम्हीही शोधा असं कळकळीने सांगेन. सीबीडीमुळे काही औषधांचं रक्तातलं प्रमाण वाढतं. रक्त पातळ करणारं वॉरफरीन त्यातलंच एक. असल्या गोष्टी विचारणारा डॉक्टर हवा. ही फी इन्शुरन्स देत नाही. पुढे औषधाचाही एक पैसा देत नाही.

डॉक्टरांनी सिस्टिममध्ये तुमची नोंद केली की एक नंबर मिळतो. तो घेऊन पोर्टलवर आपला अर्ज आपण भरायचा: फोटो, ओळखपत्र, राज्यात राहत असल्याचा पुरावा. इथे माझी गाडी अडली ती नावात. माझ्या लायसन्सवर मधलं नाव, म्हणजे नवऱ्याचं नाव, पूर्ण आहे. क्लिनिकने नोंद करताना ते गाळलं, त्यामुळे पोर्टलला मी सापडेचना. क्लिनिकला फोन, मग पुन्हा फोन, मग "आम्ही बघतो". दुरुस्ती व्हायला इतके दिवस गेले की मी वैतागून गेले. आपल्याकडे तीन-तीन नावं असतात, तेव्हा डॉक्टरांच्या खोलीतून उठायच्या आधी लायसन्स समोर ठेवून स्पेलिंग अक्षर न् अक्षर जुळवून घ्या. दुरुस्ती झाल्यावर मात्र पुढचं काम सुरळीत झालं.

कार्डाची फी एके काळी २०० डॉलर होती, २०१८ मध्ये ती १०० वर आली. आता डिजिटल कार्ड फुकट आहे, प्लास्टिकचं हवं तर १० डॉलर. कार्ड दोन वर्षं चालतं, पण डॉक्टरांची शिफारस एका वेळी जास्तीत जास्त वर्षभराचीच असते. म्हणजे कार्ड चालू असलं तरी मध्ये डॉक्टरांकडे जाऊन ती वाढवून घ्यायची, आणि त्यांची फी पुन्हा भरायची.

लोक हमखास विचारतात की एप्रिल २०२२ पासून एकवीस वर्षांवरच्या कुणालाही दुकानात जाऊन घेता येतं, मग कार्डाचा खटाटोप कशाला? माझ्यासाठी उत्तर सोपं आहे. पेशंटला सेल्स टॅक्स नाही. महिनाभराची मर्यादा तीन औंसांची आहे. पेशंटची रांग वेगळी असते, आणि ज्याला दहा मिनिटं उभं राहणं जड जातं त्याला त्या रांगेची किंमत कळते. शिवाय २०१९च्या कायद्यानुसार केवळ कार्ड आहे म्हणून कंपनी तुमच्यावर कारवाई करू शकत नाही. फेडरल कंत्राटांवर काम करणाऱ्यांनी मात्र हे संरक्षण गृहीत धरू नये. या कायद्याला जेक होनिग या न्यू जर्सीच्या मुलाचं नाव दिलंय. तो ब्रेन कॅन्सरने २०१८ मध्ये, सातव्या वर्षी गेला. त्याच्या आईवडिलांनी त्या दुःखात इतरांसाठी झगडून हा कायदा करवून घेतला, त्यांचे आभार मानावे तेवढे थोडेच आहेत.

आता औषधाबद्दल. मी ओढत नाही. जिभेखाली धरायचे थेंब घेते, टीएचसी आणि सीबीडी सारख्या प्रमाणात. बाटलीवर सगळ्यात ठळक आकडा असतो तो अख्ख्या बाटलीतल्या टीएचसीचा, तो बघून घाबरायला होतं. आपल्या कामाचा आकडा एका मिलीलिटरमध्ये किती मिलिग्रॅम हा. ड्रॉपरवर पाव, अर्धा अशा रेघा असतात, त्यावरून हिशोब बसतो. डॉक्टरांनी अडीच मिलिग्रॅम टीएचसीपासून सुरुवात करून सावकाश वाढवायला सांगितलं. परिणाम यायला तास-दीड तास लागतो. "काहीच होत नाही" म्हणून लगेच दुसऱ्यांदा घेणं हा धोका आहे, कारण मग दोन्ही डोस एकदम चढतात. बाटलीचं झाकण लहान मुलांना उघडू नये असं, दाबून फिरवायचं असतं. ते योग्यच आहे, पण माझ्यासारख्या बधिर बोटांना ते फिरत नाही, नवरा उघडून देतो. एकटं राहणाऱ्या पेशंटनी खरेदीच्या वेळीच झाकण हातात घेऊन बघावं.

फरक पडला का? रात्रीचे झटके थांबले नाहीत, कमी झाले. पोटरी आखडते, पण ओढून धरत नाही, आणि मी सलग झोपते. बॅक्लोफेनचा रात्रीचा डोस न्यूरॉलॉजिस्टनी कमी केला, त्यामुळे सकाळी भिंतीचा आधार कमी लागतो. चालण्याचा वेग किंवा थकवा यात काडीचा फरक नाही, आणि आजार तर जिथे होता तिथेच आहे. तोंडाला कोरड पडते. सुरुवातीला उठल्यावर डोकं जड असायचं, ते डोस थोडा लवकर घेऊन सुटलं. घेतल्यानंतर गाडीला हात लावायचा नाही, यात तडजोड नाही.

घरी सांगताना जड गेलं. सासूबाईंनी गांजा म्हटल्यावर कपाळाला हात लावला. त्यांना मी बाटली दाखवली, लेबल वाचून दाखवलं, आणि काही आठवड्यांनी त्याच म्हणाल्या, "रात्री आता तुझी कुरकुर ऐकू येत नाही."

पुण्याला जाताना बाटली इथेच राहते. भारतात १९८५चा एनडीपीएस हा अमली पदार्थांविरुद्धचा कायदा आहे आणि न्यू जर्सीच्या कार्डाला तिथे काही अर्थ नाही. विमानतळावर पकडलं गेलं तर डॉक्टरांची चिठ्ठी वाचवणार नाही. निघण्याच्या बऱ्याच आधी न्यूरॉलॉजिस्टशी बोलून बॅक्लोफेनचा डोस परत बसवून घेते. तिथले पहिले काही दिवस झोपेचे हाल होतात, ते धरूनच मी तिकीट काढते.