खळ्यातले मूकपट: खेळ उत्तम, वेग तेवढा तपासून घ्या

रत्नागिरीजवळच्या वाड्यांमध्ये खळ्यात पडदा लावून जुने मूकपट दाखवणारी एक फिरती सेवा आहे. प्रोजेक्टर, दहा फुटी पडदा आणि पेटीवाला त्यांचा. वीज आणि बसायची सोय आपली. खेळ नवरा-बायकोच्या घरगुती विनोदाचा आणि निवड फार चांगली.

१९१२ चा 'अ क्युअर फॉर पोकरायटिस' चुकवूच नका. गलेलठ्ठ जॉन बनी पत्ते सोडल्याचं वचन देऊन चोरून खेळत राहतो, मग झोपेत बरळतो आणि पितळ उघडं पडतं. काटकुळी फ्लोरा फिंच नात्यातल्या एकाला हाताशी धरून खोट्या पोलिसांची धाड घडवून आणते. गंमत आहे ती दोघांच्या चेहऱ्यांत. चेहरा बदलायला वेळ मिळाला नाही तर विनोद गेलाच.

इथेच या सेवेची खोट आहे: चित्र कधी कधी जास्त वेगाने चालतं. हजार फुटी रिळात १६,००० चौकटी, म्हणजे एकेक स्थिर चित्रं, असतात. सेकंदाला १६ ने ते १६ मिनिटं ४० सेकंद चालतं, २४ ने जेमतेम ११ मिनिटं. मग माणसं मुंग्यांसारखी तुरुतुरु पळतात. आधी अर्धा मिनिट लावून दाखवायला सांगा आणि चालणाऱ्यांचे पाय बघा. घाई दिसली तर प्लेअरचा वेग ०.६७ वर आणायचा. काही प्रतींत तो आधीच सुधारलेला असतो. त्या पुन्हा मंद केल्या तर सगळे कमरेएवढ्या पाण्यातून चालल्यासारखे दिसतात. बस्टर कीटनच्या 'वन वीक'ला (१९२०) हे माप लावू नका, तोवर वेग वाढला होता.

पडद्यावरचं चित्र ४:३ (रुंदी:उंची) या आकारातच ठेवायला लावा. रुंद पडदाभर ताणलं की फिंचबाईही जाड दिसतात आणि जोडीतली मजाच जाते.

संध्याकाळी खाऱ्या वाऱ्याने पडदा शिडासारखा फुगतो, चित्रात मधेमधे येणाऱ्या मजकुराच्या पाट्यांवरची अक्षरं पुसट होतात. ही मंडळी वरच्या दोऱ्या नीट बांधतात, खालची कड मात्र मोकळी सोडतात. ती बांबूत ओवून दोन्ही टोकं चिऱ्यांना आवळून घ्या. काळोख पडल्यावर वारा बसतो, त्यामुळे आठनंतर सुरू केलेलं बरं.

पेटीवाला मात्र अस्सल. धाडीला लय चढवतो, बरळण्याच्या प्रसंगाला भाता थांबवून पूर्ण शांतता ठेवतो. इंग्रजी पाट्या मराठीत मोठ्याने वाचतोही तोच. पाटी जाईपर्यंत वाक्य संपत नसेल तर चित्र क्षणभर थांबवायला सांगा. सांगितलं की थांबवतात.